'क्लायमॅक्टेरिक' फळ म्हणजे नेमके कोणते फळ? केळीच्या निमित्ताने एका संज्ञेविषयी

यावलची_शिक्षिका

नमस्कार. मी यावल तालुक्यातील एका कनिष्ठ महाविद्यालयात जीवशास्त्र शिकवते. आमच्या गावातील केळी उत्पादकांच्या गटासाठी काढणी आणि त्यानंतरची हाताळणी या विषयावर आठ पानांची मराठी पुस्तिका लिहिण्याचे काम माझ्याकडे आले आहे, आणि मी दुसऱ्याच पानावर अडले आहे.

मी असे लिहिले होते : 'केळी हे क्लायमॅक्टेरिक फळ आहे, म्हणजे ते झाडावरून काढल्यानंतर पिकते.' माझ्या काकांची चाळीस वर्षे केळीच्या बागेत गेली आहेत. त्यांनी वाक्य वाचले आणि विचारले, "बागेत चुकून राहिलेला घड झाडावरच पिवळा होतो, वटवाघळे येऊन खातात, ते मग काय म्हणायचे? आणि लिंबूही तोडून ठेवले की पिवळे होते, मग तेही तुझे क्लायमॅक्टेरिकच का?" मला समाधानकारक उत्तर देता आले नाही. पाठ्यपुस्तकातील व्याख्या मी वर्षानुवर्षे फळ्यावर लिहीत आले, पण तिचा अर्थ मला स्वतःला पुरता उमगलेला नाही, हे त्या दिवशी लक्षात आले.

म्हणून या संज्ञेचा काटेकोर अर्थ काय, तिच्यासाठी मराठीत शब्द आहे का किंवा असावा का, आणि काही माहितीपत्रकांत 'फळे क्लायमॅक्टेरिक अवस्थेत काढावीत' असे छापलेले असते ते बरोबर आहे का, हे जाणकारांनी सांगावे.

निवृत्त_जीवरसायन, धुळे

ताई, आपल्या काकांचे दोन्ही आक्षेप बिनतोड आहेत, आणि ते आक्षेप जिथे लागतात तिथूनच या संज्ञेचा खरा अर्थ सुरू होतो.

'काढल्यानंतर पिकणारे' ही व्याख्या नव्हे, तो व्याख्येचा एक परिणाम आहे. व्याख्या आहे ती श्वसनाची. केंब्रिज येथील फ्रँकलिन किड आणि चार्ल्स वेस्ट हे दोघे १९२० च्या दशकात साठवणीतील सफरचंदांतून बाहेर पडणारा कार्बन डायऑक्साइड मोजत होते. तोडलेले फळ म्हाताऱ्या माणसासारखे हळूहळू मंदावत जाईल, अशी कोणाचीही अपेक्षा असेल. त्यांना आढळले ते असे की फळाचे श्वसन काही काळ खालच्या पातळीवर स्थिर राहते, मग एकाएकी वर चढते, शिखर गाठते आणि नंतर उतरते. या चढाला त्यांनी 'क्लायमॅक्टेरिक' हे नाव दिले. म्हणजे मूळ संज्ञा फळाच्या जातीची नसून फळाच्या आयुष्यातील एका घटनेची आहे. ज्या फळांत पिकताना ही घटना घडते, त्यांना पुढे विशेषण म्हणून 'क्लायमॅक्टेरिक फळे' म्हणू लागले.

केळीत हा चढ फार ठसठशीत दिसतो. २० अंश सेल्सिअसच्या आसपास ठेवलेले हिरवे, न पिकलेले केळे एका किलोमागे तासाला सुमारे २० मिलिग्रॅम कार्बन डायऑक्साइड सोडते, आणि पिकण्याच्या शिखरावर तेच प्रमाण सुमारे १२५ मिलिग्रॅमपर्यंत जाते. म्हणजे फळ सहापट वेगाने श्वास घेऊ लागते. घड झाडावर असो वा वखारीत, हा चढ येतोच. तोडल्यामुळे तो लवकर येतो इतकेच. काकांचा पहिला आक्षेप येथे मिटतो.

दुसरा आक्षेप लिंबाचा. लिंबू, मोसंबी, द्राक्ष, डाळिंब यांचे श्वसन तोडल्यापासून हळूहळू उतरत जाते, आपणहून त्यात असा चढ येत नाही. लिंबू पिवळे होते ते सालीतील हरितद्रव्य विरून आतला पिवळा रंग उघडा पडतो म्हणून. त्याचा गर त्यामुळे अधिक गोड किंवा मऊ होत नाही. रंग बदलणे म्हणजे पिकणे नव्हे, ही गोष्ट पुस्तिकेत ठळकपणे यावी असे मला वाटते.

डॉक्टर_अमळनेर

या धाग्याचे शीर्षक वाचून मी क्षणभर गोंधळलो, कारण आमच्या शास्त्रात 'क्लायमॅक्टेरिक' हा शब्द स्त्रीच्या रजोनिवृत्तीच्या काळासाठी वापरतात. दोन्ही शास्त्रांचा शब्द एकच असण्यामागे काही कारण आहे, की हा निव्वळ योगायोग आहे?

निवृत्त_जीवरसायन, धुळे

डॉक्टरसाहेब, मूळ एकच आहे. ग्रीक भाषेत 'क्लायमॅक्स' म्हणजे शिडी आणि 'क्लायमॅक्टर' म्हणजे शिडीची पायरी. जुन्या युरोपात अशी समजूत होती की माणसाच्या आयुष्यात दर सात वर्षांनी एक नाजूक पायरी येते, आणि सात गुणिले नऊ म्हणजे त्रेसष्टावे वर्ष ही त्यांतली सर्वांत मोठी पायरी. आयुष्याला वळण देणारा काळ, या अर्थाने शब्द वैद्यकात आला, आणि तोडलेल्या फळाच्या आयुष्यातील वळण म्हणून वनस्पतिशास्त्रातही आला. केळीपुरते बोलायचे तर वळण फार पक्के आहे : ही पायरी चढलेले केळे पुन्हा खाली आणता येत नाही.

सावद्याचा_वखारदार

सर, मी वडिलांच्या काळापासून केळीच्या व्यापारात आहे आणि सध्या दोन रायपनिंग चेंबर, म्हणजे केळी पिकवण्याच्या बंद खोल्या, चालवतो. तुमचा मजकूर वाचल्यावर मला एका जुन्या कोड्याचे उत्तर मिळाल्यासारखे वाटते, म्हणून विचारतो.

आम्ही खोलीत माल भरतो, तापमान १६ ते १८ अंशांवर आणतो, हवेतील ओलावा नव्वद टक्क्यांच्या वर ठेवतो आणि साधारण चोवीस तास १०० पीपीएमच्या (हवेच्या दहा लाख भागांत १०० भाग) आसपास इथिलीन हा फळे पिकवणारा वायू देतो. मग दार उघडून हवा पालटतो. पहिल्या दिवशी यंत्र निवांत चालते. गॅस बंद केल्यावर दुसऱ्या-तिसऱ्या दिवशी मात्र, बाहेरचे हवामान तेच असताना आणि दार बंद असताना, खोलीचे तापमान आपोआप चढू लागते आणि कॉम्प्रेसर थांबायचे नाव घेत नाही. पूर्वी मी दोनदा यंत्रात बिघाड आहे असे समजून मेकॅनिक बोलावला होता, आणि दोन्ही वेळा त्याला काही सापडले नव्हते, पैसे मात्र त्याने चोख घेतले. वडील म्हणायचे, "माल तापला आहे, आता रंग फुटेल," आणि तसेच व्हायचे. हे तापणे म्हणजेच तुमचे क्लायमॅक्टेरिक का?

निवृत्त_जीवरसायन, धुळे

अगदी तेच. प्रयोगशाळेत आम्ही जो चढ वायुमापनाच्या आलेखावर पाहतो, तो आपण विजेच्या मीटरवर पाहता. श्वसन म्हणजे साखर जाळून ऊर्जा मिळवणे, आणि या ऊर्जेचा मोठा भाग उष्णता होऊन बाहेर पडतो. श्वसन सहापट झाले की उष्णताही त्याच मानाने वाढते, आणि बंद खोलीत कित्येक टन माल असेल तर ती लपून राहत नाही. आपल्या वडिलांचे 'माल तापला' हे दोन शब्द या संज्ञेचे मी ऐकलेले सर्वांत चांगले मराठी भाषांतर आहे.

आपण हवा पालटता त्याचे कारणही येथेच आहे. या चढात खोलीत कार्बन डायऑक्साइड साचतो, आणि त्याचे प्रमाण एक टक्क्याच्या वर गेले की तो इथिलीनच्या कामात आडवा येतो, परिणामी माल असमान पिकतो.

फैजपूरकर_रोहित

वखारदार दादांनी आधुनिक पद्धत सांगितली, परंतु कार्बाइडमधूनही इथिलीनच निघते आणि ते स्वस्त पडते. मग त्याला एवढा विरोध का, हे मला अजून कळलेले नाही.

एमएस्सी_जळगाव

रोहितभाऊ, कार्बाइडमधून इथिलीन निघत नाही. कॅल्शियम कार्बाइडवर पाणी पडले की ॲसिटिलीन निघते. त्याच्या रेणूची घडण इथिलीनशी थोडी मिळतीजुळती असल्यामुळे फळ फसते आणि ते ॲसिटिलीनलाच इथिलीन समजते, परंतु तोच परिणाम मिळण्यासाठी ते शंभर पटींहून अधिक लागते. त्यातही बाजारातील कार्बाइडमध्ये आर्सेनिक आणि फॉस्फरसचे अंश असतात, आणि जो माणूस त्या पुड्या हाताळतो त्याला त्यांचा धोका सर्वांत आधी पोहोचतो. म्हणूनच २०११ च्या अन्नसुरक्षा नियमांत कार्बाइडने फळे पिकवण्यास मनाई आहे, आणि इथिलीन मात्र १०० पीपीएमपर्यंत वापरण्याची मुभा अन्नसुरक्षा प्राधिकरणाने दिली आहे.

इथिलीन हे बाहेरून घातलेले 'औषध' नव्हे, हेही सांगितले पाहिजे. पिकणारे फळ ते स्वतःच तयार करते. पिकलेल्या सफरचंदांतून इथिलीन बाहेर पडते, हे १९३४ साली रिचर्ड गेन यांनी दाखवले. फळाच्या पेशीत मेथिओनीन या अमिनो आम्लापासून एस-ॲडेनोसिल मेथिओनीन बनते, त्यापासून एसीसी नावाचा छोटा रेणू बनतो, आणि एसीसीपासून इथिलीन. एसीसी ही मधली कडी कॅलिफोर्नियातील डेव्हिस येथे ॲडम्स आणि यांग यांनी १९७९ साली शोधून काढली. आपल्या खोलीत घातलेला गॅस ही फक्त काडी आहे, जाळ फळाचा स्वतःचा असतो.

निवृत्त_जीवरसायन, धुळे

काडी आणि जाळ हा दृष्टांत उत्तम आहे. त्याला धरूनच व्याख्येचा दुसरा अर्धा भाग सांगतो, कारण आजचे अभ्यासक केवळ श्वसनाच्या चढावर थांबत नाहीत.

१९७२ साली मॅकमर्ची, मॅकग्लासन आणि ईक्स यांनी एक साधा पण चलाख प्रयोग केला. फळाला इथिलीन दिले तर फळाने स्वतः किती इथिलीन बनवले, ते वेगळे मोजता येत नाही, कारण दोन्ही एकच. म्हणून त्यांनी प्रोपिलीन दिले. ते इथिलीनसारखेच काम करते, पण मोजताना वेगळे ओळखता येते. केळ्याचे श्वसन वाढले आणि त्याने स्वतःचे इथिलीन मोठ्या प्रमाणात बनवायला सुरुवात केली. संत्रे-लिंबू वर्गातील फळांचे श्वसनही वाढले, परंतु त्यांनी स्वतःचे इथिलीन वाढवले नाही, आणि प्रोपिलीन काढून घेतले की श्वसन पुन्हा खाली आले. म्हणजे बाहेरून डिवचले तर श्वसन दोघांचेही वाढते. केळ्यात मात्र इथिलीनच अधिक इथिलीन बनवायला लावते. याला स्वयंउत्प्रेरण म्हणतात, आणि खरा भेद येथे आहे.

म्हणून मी विद्यार्थ्यांना व्याख्या अशी सांगत असे : ज्या फळात पिकण्याच्या सुरुवातीस श्वसनाचा चढ आणि इथिलीनची स्वतःहून वाढत जाणारी निर्मिती या दोन्ही गोष्टी एकमेकींच्या हातात हात घालून येतात, ते क्लायमॅक्टेरिक फळ.

घरी याचा प्रत्यय रोज येतो. पिशवीत एक फणी पिकली की शेजारच्या फण्या तिच्या मागोमाग पिकतात. लिंबांच्या टोपलीत असे काही घडत नाही.

यावलची_शिक्षिका

सर, इतके स्पष्ट विवेचन मला कोठेही वाचायला मिळाले नव्हते. आता माहितीपत्रकातील त्या वाक्याविषयी सांगावे. 'क्लायमॅक्टेरिक अवस्थेत काढावीत' हे मग चुकीचेच म्हणायचे ना?

निवृत्त_जीवरसायन, धुळे

चुकीचे आणि नुकसानीचे. काढणी करायची ती चढाच्या आधी, म्हणजे क्लायमॅक्टेरिक-पूर्व अवस्थेत. चढ सुरू झालेला घड तोडून दूरच्या बाजारपेठेत पाठवला तर गाडीतच पिकून सांडतो. घड भरणे आणि फळ पिकणे या दोन वेगळ्या क्रिया आहेत, आणि इंग्रजीत त्यांना दोन स्वतंत्र शब्द आहेत. मराठी पुस्तकांत मात्र दोन्हींना सरसकट 'पक्वता' म्हटले जाते, आणि घोळ होतो तो त्यामुळे.

सावद्याचा_वखारदार

पुस्तकांत होत असेल, बागेत होत नाही. आमच्याकडे कटाईवाला घड बघून 'भरला', 'पाऊण भरला' किंवा 'अजून धार आहे' असे सांगतो. केळ्याच्या कडा जोवर टोकदार असतात तोवर गर भरायचा असतो, आणि कडा मोडून केळे गोलसर झाले की ते भरले. 'पिकले' हा शब्द त्या वेळी कोणी उच्चारतही नाही. लांबच्या मालाला धार थोडी शिल्लक ठेवून कापतात आणि जवळच्या मालाला पूर्ण भरू देतात. २०२१ साली रावेर तालुक्यातील तांदलवाडीच्या शेतकऱ्यांचा २२ टन माल दुबईला गेला होता. असा माल १३-१४ अंशांवर थंड ठेवून हिरवाच पोहोचवायचा असतो, आणि त्याचे सगळे गणित हा चढ वाटेत येऊ न देण्याचे आहे.

रसिक_नंदुरबार

मराठीत तर 'पिकणे' या क्रियापदावर आधीच फार ओझे आहे. शेत पिकते, केस पिकतात, गळू पिकते, आणि 'यंदा केळी चांगली पिकली' या वाक्याचा अर्थ उत्पन्न चांगले आले असा होतो, केळी पिवळी झाली असा नव्हे. एका भाषांतरित पत्रकात मी 'क्लायमॅक्टेरिक पीक' असे शब्द वाचले होते. भाषांतरकाराला इंग्रजीतील 'पीक' (peak), म्हणजे 'शिखर' म्हणायचे होते, आणि वाचणाऱ्या शेतकऱ्यांनी हे कोणते नवे पीक आले आहे म्हणून चौकशी सुरू केली होती. ताईंनी कृपया 'शिखर' हाच शब्द वापरावा.

संज्ञेसाठी माझी सूचना 'पिकाऊ फळ' अशी आहे. सोपा शब्द आहे आणि कोणाला फोड करून सांगावा लागणार नाही.

एमएस्सी_जळगाव

'पिकाऊ' म्हटले की जमीन आठवते. पिकाऊ जमीन म्हणजे कसदार जमीन, त्यामुळे 'पिकाऊ फळ' हा शब्द कानाला भलतीकडे नेतो. शिवाय द्राक्षसुद्धा वेलीवर पिकतेच की. ते पिकाऊ नाही, असे म्हटल्यास नाशिकचे लोक आपल्याला हसतील. आमच्या विभागात कोणी 'श्वसनोत्कर्षी' असा शब्द सुचवला होता. तो शास्त्रशुद्ध वाटतो, परंतु इथिलीनची बाजू त्यात येत नाही.

निवृत्त_जीवरसायन, धुळे

मूळ शब्दात तरी ती कोठे आहे? शिडीच्या पायरीत ना श्वसन आहे ना इथिलीन. संज्ञेने सगळी व्याख्या पोटात घेतली पाहिजे असा आग्रह धरला तर संस्कृत समासांचे मालगाडीचे डबे तयार होतात. माझे मत असे की 'क्लायमॅक्टेरिक' हा शब्द तसाच ठेवावा, पहिल्या उल्लेखाच्या वेळी एका वाक्यात त्याचा अर्थ सांगावा, आणि घटनेसाठी मराठीत 'श्वसनाचा चढ' असे साधे शब्द वापरावेत. 'श्वसनोत्कर्षी' वाईट नाही, पण 'उत्कर्ष' म्हटले की भरभराट आठवते, आणि फळाच्या दृष्टीने ही भरभराट नसून शेवटाची सुरुवात आहे.

शहाद्याचा_पपईवाला

माझ्याकडे सहा एकर पपई आहे, म्हणून एक शंका विचारतो. पपईही याच वर्गात मोडते, असे मी ऐकले आहे. मग हिरवी पपई तोडून गॅस दिला तर ती केळीसारखी गोड का होत नाही? व्यापारी घाई करतात, आम्ही सालीवर पिवळा डोळा पडण्याआधी माल दिला की तो मऊ आणि पिवळा होतो, पण चव भोपळ्याची लागते, आणि नाव मात्र शेतकऱ्याचे खराब होते.

निवृत्त_जीवरसायन, धुळे

भाऊ, आपण या चर्चेतील सर्वांत महत्त्वाचा मुद्दा काढलात, कारण 'क्लायमॅक्टेरिक म्हणजे ठेवल्यावर गोड होणारे' हा गैरसमज सुशिक्षितांतही आहे.

हिरव्या केळ्याच्या गरात २० ते २५ टक्के स्टार्च साठवलेला असतो. चढ आला की विकरे तो स्टार्च फोडतात. पूर्ण पिकलेल्या केळ्यात तो एक-दोन टक्केच उरतो आणि साखर सुमारे वीस टक्क्यांपर्यंत पोहोचते. केळे घरून शिदोरी घेऊन निघालेल्या प्रवाशासारखे आहे. पपईच्या गरात स्टार्चचा असा साठा जवळजवळ नसतो. तिची साखर झाडाच्या पानांतून येते, आणि देठ तुटला की ती वाट बंद होते. इथिलीनमुळे पपईत श्वसनाचा चढ येतो, रंग येतो, गर मऊ होतो, म्हणजे ती नियमाप्रमाणे क्लायमॅक्टेरिक आहेच. पण जी साखर फळात आलेलीच नाही, ती इथिलीन कोठून आणणार? फळाला पिवळा डोळा पडेपर्यंत थांबण्याचा आपला रिवाज योग्य आहे, आणि व्यापाऱ्याला तो याच कारणासह सांगावा.

सावद्याचा_वखारदार

आता माझा दुसरा प्रश्न. मे महिन्यात आमच्याकडे पारा पंचेचाळीसच्या घरात जातो. त्या दिवसांत ज्यांच्याकडे चेंबर नाही, ते साध्या खोलीत केळी पिकवतात. ती आतून पार लोण्यासारखी होतात, पण साल हिरवीच राहते, आणि गिऱ्हाईक कच्ची म्हणून हात लावत नाही. चढ आला नाही म्हणावे तर गर मऊ कसा झाला?

निवृत्त_जीवरसायन, धुळे

चढ आला, फक्त सालीने साथ दिली नाही. आपल्याकडची ग्रँड नैन, बसराई, श्रीमंती ही सगळी केळी कॅव्हेंडिश गटातली. या गटात तापमान साधारण २४ अंशांच्या वर गेले की सालीतील हरितद्रव्य नीट विरत नाही, तिशीच्या पुढे तर ते बरेचसे तसेच राहते. गरातील स्टार्चचे काम मात्र उष्णतेत उलट वेगाने उरकते. त्यामुळे फळ शास्त्राच्या दृष्टीने पिकलेले आणि बाजाराच्या दृष्टीने कच्चे, अशी चमत्कारिक स्थिती निर्माण होते. स्वयंपाकात वापरल्या जाणाऱ्या मोठ्या केळ्यांच्या, म्हणजे प्लँटेनच्या जाती याच तापमानात छान पिवळ्या होतात, म्हणजे हा केळीमात्राचा दोष नव्हे.

पिकणे ही एक क्रिया नसून एकाच इशाऱ्यावर सुरू होणाऱ्या अनेक क्रियांची जत्रा आहे, आणि तापमानामुळे त्यांतील एखादी मागे राहू शकते. थंडीत याच्या उलट होते. १३ अंशांच्या खाली बराच वेळ राहिलेल्या केळ्याची साल पुढे करडी, निस्तेज होते आणि कितीही गॅस दिला तरी तिला सोनेरी रंग चढत नाही.

फैजपूरकर_रोहित

आमची आजी तांदळाच्या कोठीत किंवा गोणपाटात गुंडाळून केळी पिकवायची. लेवा बोलीत ती 'केयी' म्हणायची, आणि अधूनमधून 'केयीले ऊब दे' असे आम्हाला बजावायची. जुन्या वखारींत धूर करून भट्टी लावत, तेही मी पाहिले आहे. त्यात इथिलीन कोठून येत असे?

एमएस्सी_जळगाव

गोणपाटात फळांनी स्वतः सोडलेले इथिलीन कोंडून राहायचे. केळ्याला एक पीपीएमच्या आतले प्रमाणही पुरते. धुरात इथिलीन असतेच, कारण अर्धवट जळणाऱ्या लाकडातून आणि पाल्यातून ते बाहेर पडते. दिव्यांसाठी वापरल्या जाणाऱ्या गॅसमध्ये वनस्पतींवर परिणाम करणारा घटक इथिलीन आहे, हे १९०१ साली रशियातील नेल्युबोव यांनी वाटाण्याच्या रोपांवरून दाखवले होते. भट्टी लावणाऱ्यांना रेणूचे नाव ठाऊक नव्हते, पण काम ते त्याच रेणूकडून करून घेत होते.

रसिक_नंदुरबार

शेवटी एक शंका उरते. आमच्या नंदुरबारची मिरची हिरवी तोडून ठेवली तरी कधी लाल होते, कधी होत नाही. ती कोणत्या वर्गात धरायची?

निवृत्त_जीवरसायन, धुळे

येथे वर्गीकरणाची कड झिजलेली आहे. मिरचीवर्गाला सामान्यतः क्लायमॅक्टेरिक नसलेल्या फळांत घालतात, पण काही तिखट जातींत पिकताना इथिलीन आणि श्वसन यांचा चढ नोंदवला गेला आहे. खरबूज तर त्याहून अडचणीचे. एकाच प्रजातीतील काही खरबुजे क्लायमॅक्टेरिक आहेत आणि काही नाहीत. त्यामुळे भिंतीवर टांगण्यासाठी फळांच्या दोन याद्या छापताना केळी, आंबा, पपई, सीताफळ, टोमॅटो एका बाजूला आणि द्राक्ष, लिंबू, मोसंबी, डाळिंब दुसऱ्या बाजूला निःशंकपणे लिहावेत. मिरची आणि खरबूज मात्र यादीत घालू नयेत.

यावलची_शिक्षिका

सर्वांचे मनापासून आभार. दुसऱ्या पानावरील मजकूर मी आता असा बदलला आहे :

'घड पूर्ण भरला तरी केळे पिकलेले नसते. पिकण्यास सुरुवात होताना केळ्याचा श्वास एकाएकी अनेक पटींनी वाढतो, ते स्वतः इथिलीन हा वायू सोडू लागते, आणि तो वायू त्याला व शेजारच्या केळ्यांनाही आणखी वेगाने पिकवतो. या चढाला क्लायमॅक्टेरिक म्हणतात आणि ज्या फळांत तो येतो त्यांना क्लायमॅक्टेरिक फळे म्हणतात. घड या चढाच्या आधी कापावा. चढ सुरू झाल्यावर तो थांबवता येत नाही.'

काल रात्री काकांना वाचून दाखवले. त्यांनी दोनदा ऐकले आणि फक्त शेवटच्या वाक्यावर हरकत घेतली. त्यांचे म्हणणे असे की थंड खोलीत ठेवल्यास माल चार दिवस अडवून धरता येतो, हे त्यांनी स्वतः पाहिले आहे.

सावद्याचा_वखारदार

काकांचे बरोबर आहे. रंग फुटू लागलेला मालसुद्धा आम्ही तापमान १४ अंशांवर उतरवून बाजाराचा भाव पाहून एक-दोन दिवस धरून ठेवतो. 'थांबवता येत नाही' याऐवजी 'मंद करता येतो, मागे फिरवता येत नाही' असे लिहावे.

निवृत्त_जीवरसायन, धुळे

मान्य. वाक्य वखारदारांचे घ्यावे.